धुतलेली डबी आणि उरलेली औषधं

हे मी बायकांसाठी लिहितेय. पुरुषांनी वाचलं तरी हरकत नाही, उलट वाचावंच, कारण आमच्या घरात ह्या दुखण्याचं नाव घ्यायला सगळ्यात जास्त पुरुषच लाजत होते. दुखणं लघवीचं. शब्द वाचूनच कुणाला कसंतरी झालं असेल तर त्यांनी इथंच थांबावं, कारण पुढे तो पुष्कळदा येणार आहे.

माझं नाव सुनंदा, वय चौपन्न. काष्टीजवळ आमची वस्ती आहे. घरात मालक, मुलगा अमोल, सून अश्विनी आणि मी. अमोल रांजणगावला कंपनीत जातो, शेत मालकांकडे आणि गोठा माझ्याकडे. गोठ्यात दहा गाई आहेत आणि तिथे मी कुणाचं ऐकत नाही. आमच्या दुधाला डेअरीवर आजवर कुणी नाव ठेवलेलं नाही, ह्याचा मला गर्व आहे. तोच गर्व पुढे कसा अंगाशी आला, ते सांगायला बसलेय.

दोन गोळ्यांचा आराम

सुरुवात कधी झाली ते नक्की सांगता येत नाही. दोन-अडीच वर्षं अधूनमधून जळजळ व्हायची. शुगर तर त्याआधीपासूनच होती. बाजाराच्या दिवशी काष्टीत चार-पाच तास मोडायचे आणि बाईमाणसाला जायला धड जागा नाही, म्हणून मी सकाळपासून पाणीच प्यायचे नाही. ही माझी अक्कल. आमच्याकडच्या निम्म्या बायकांची हीच अक्कल आहे, म्हणून सांगते.

जळजळ सुरू झाली की जाऊबाई गोळ्या द्यायची. तिला तिच्या बहिणीने दिलेल्या असायच्या.

"ह्या घे, दोन दिसांत मोकळी व्हशील."

आणि खरंच व्हायचे. आराम पडला की उरलेल्या गोळ्या स्टीलच्या डब्यात जायच्या, पुढच्या खेपेला उपयोगी पडतील म्हणून. त्या संपल्या की रिकामं पाकीट मेडिकलवाल्याला दाखवायचं, मग तो तीच किंवा तिच्यासारखी दुसरी द्यायचा. एकदा पांढरी, एकदा पिवळी, एकदा कॅप्सूल. मी कधी पाच दिवस सलग गोळी घेतली असेन असं मला आठवत नाही.

आता ह्यातली गंमत ऐका. गाईला दगडी झाली, म्हणजे कास सुजून टणक झाली, की जनावरांचे डॉक्टर जेवढ्या दिवसांचं औषध सांगतात तेवढं मी पुरं करते. एक दिवस चुकवत नाही. शेजारच्याने मधेच सोडलं तर त्याला त्याच्या गोठ्यात जाऊन सुनावते, "अर्धवट औषदानं जंतू मरत न्हाई, शाना व्हतो." लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण. गाईला एक न्याय आणि स्वतःला दुसरा, आणि ह्यात काही चुकतंय असं मला एकदाही वाटलं नाही.

डबी

गेल्या वर्षी कांद्याची काढणी चालू असताना ताप आला. उजव्या बाजूला, पाठीत बरगडीच्या खाली असं दुखायचं की वाकून धार काढता येईना. डब्यातल्या गोळ्या घेतल्या. ह्या वेळी दोन दिवसांत काही मोकळं झालं नाही. चौथ्या दिवशी अश्विनीने स्कूटीवर बसवून काष्टीच्या दवाखान्यात नेलं. ती तेव्हा पाच महिन्यांची गरोदर होती, तरी तीच घेऊन गेली, कारण मालक म्हणाले, "बायकांचं दुखनं, मी येऊन काय करू."

डॉक्टरांनी एक प्लास्टिकची डबी द्यायला सांगितली. उद्या सकाळची पहिली लघवी आणा, म्हणाले, सुरुवातीची सोडून द्यायची आणि मधली धार घ्यायची. कोणता जंतू आहे आणि तो कोणत्या औषधाने मरतो हे त्यावरून कळेल. हे मला लगेच समजलं. गाईच्या दुधाचा नमुनाही असाच घेतात, पहिल्या चार धारा सोडून.

पण झालं काय, त्यांच्या माणसाने डबी पाकिटातून काढली, झाकण उघडून आत बघितलं, झाकणावर माझं नाव लिहिलं आणि परत लावून दिली. हात धुतलेले नव्हते. मी हे बघत होते आणि मला ते पटलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी ती डबी गरम पाण्याने धुतली. तेवढ्यावर समाधान होईना. धार काढून झाल्यावर गाईचे सड आम्ही ज्या तांबड्या जंतुनाशक औषधात बुडवतो, ते थोडं डबीत ओतलं, गोल फिरवलं आणि उपडी करून झटकली. फडक्याने पुसली नाही, कारण फडक्यात जंतू असतात. एवढी मी हुशार.

अश्विनी चुलीपाशी उभी राहून बघत होती.

"आत्या, डॉक्टरांनी धुवायला सांगितलं हुतं का?"

"सगळंच सांगावं लागतं व्हय? त्या मान्साचे हात बघितले न्हाईस तू."

मी नमुना भरून दिला आणि मनातल्या मनात त्या दवाखान्याला स्वच्छतेचा धडा दिल्याचं समाधानही वाटलं.

नगर

काष्टीच्या डॉक्टरांनी डबीसोबत गोळ्याही दिल्या होत्या, त्यांनी ताप हटला नाही. उलट्या सुरू झाल्या. तिसऱ्या दिवशी अमोलने कामावर फोन करून रजा टाकली आणि गाडी ठरवून मला नगरला नेलं. मालकही आले, पुढच्या सीटवर बसून.

दाखल करून घेताना एक तरुण डॉक्टर कागदावर लिहीत होता. लघवीला जळजळ किती दिवस, वारंवार होते का, रक्त जातं का, असं एकेक विचारायला लागला तसे मालक उठून बाहेर गेले. जाता जाता म्हणाले, "पोटात दुखतंय तिच्या, एवढंच." गावाकडून ज्यांचे फोन यायचे त्यांना ते मलेरिया झालाय म्हणून सांगत होते. माझ्या कपाळावर हात ठेवलेला त्या माणसाने, पण दुखण्याचं नाव घ्यायला जीभ रेटेना.

मोठ्या डॉक्टर म्हणजे शेख मॅडम. माझ्याच वयाच्या, डोळ्यांवर चष्मा, बोलणं कमी. त्यांनी पाठीत बोटाने टिचकी मारली आणि मी ओरडले. सोनोग्राफी झाली. उजव्या किडनीला सूज होती, रक्तात किडनीचं काम मंदावल्याचं दिसत होतं, लघवीत पू होता. शिरेतून इंजेक्शन चालू केलं. डबीतला नमुना काष्टीहून तपासायला गेलेलाच होता, त्याचा रिपोर्ट आला की औषध बदलायचं का ते ठरवू, असं त्या म्हणाल्या.

वॉर्डातला दिवस लवकर सुरू व्हायचा. उजाडायच्या आत सिस्टर बोट टोचून शुगर बघायची. मग बीपी, मग ताप, मग सलाइनची बाटली. लघवी मोजून ठेवायची, कागदावर लिहायची. गोठ्यात कोणत्या गाईने किती दूध दिलं हे मी रोज लिहिते, इथे मीच लिहिली जात होते. ताप कागदावर चढाच होता. दोन दिवस झाले तरी उतरायचं नाव नाही.

काहीच उगवलं नाही

तिसऱ्या दिवशी अमोलच्या मोबाईलवर रिपोर्ट आला. शेख मॅडमनी वाचला, परत वाचला.

"ह्यात काहीच उगवलेलं नाही," त्या म्हणाल्या. "जंतू सापडला नाही."

अमोल म्हणाला, "मंजी चांगलंच की, मॅडम."

"चांगलं असतं तर ताप उतरला असता. लघवीत भरपूर पू आहे आणि जंतू मात्र उगवत नाही, असं काही वेळा किडनीच्या टीबीत होतं. आपल्याला ते तपासावं लागेल."

टीबी. शेजारच्या कॉटवरची बाई उठून बसली. मालक दारात उभे होते, ते भिंतीला टेकले.

आणि माझ्या डोळ्यांपुढे डबीत ओतलेलं ते तांबडं औषध आलं. मला त्या क्षणी कळलं. जनावरांच्या डॉक्टरांनी मला एकदा नमुना परत पाठवला होता, म्हणाले होते, ह्या दुधात औषध मिसळलंय, हे तपासून उपयोग नाही, खरं काही दिसायचं नाही. हे मला माहीत होतं. दुसऱ्या कुणाला नसेल, मला पक्कं माहीत होतं.

मी बोलले नाही.

का नाही बोलले, हे मी स्वतःला नंतर पुष्कळदा विचारलं. लाज वाटली, दुसरं काही नाही. त्या वॉर्डात सगळ्यांसमोर सांगायचं की मी तपासणीची डबी गाईच्या औषधाने धुतली? तो तरुण डॉक्टर हसेल, सिस्टर हसतील, आणि गावात गेलं तर जन्मभर ऐकावं लागेल. शिवाय मनात एक चोर होताच, तो म्हणत होता, कदाचित तसं नसेल, कदाचित खरंच दुसरं काही असेल, डॉक्टर शोधतील. दुखणं अंगावर काढायची सवय असलेल्या बाईला खोटंही अंगावर काढता येतं.

पुढचा दीड दिवस माझ्या टीबीच्या तपासण्या चालल्या. छातीचा फोटो झाला. तीन दिवस सकाळची लघवी वेगळ्या बाटल्यांत जमवायला सांगितली. आणि घरात वेगळंच सुरू झालं. मालकांनी अश्विनीला फोन करून बजावलं, दवाखान्यात पाय टाकायचा नाही, पोटात लेकरू हाय. मला ते योग्यच वाटलं. पण अमोल आणि मालकांची वॉर्डाच्या दारात जुंपली. अमोल म्हणत होता पुण्याला हलवू. मालक म्हणत होते इथंच बघू, आणि गाई कोन बघनार, ती एकटी पोर किती दिस काढंल? मग अमोल बोलू नये ते बोलला.

"गाई गाई करता, आई मरंल ना हितं."

मालक खाली जाऊन बसले. ह्या सगळ्याच्या मुळाशी मी होते आणि मी चादरीखाली डोळे मिटून पडले होते. मला स्वतःची चीड यायला लागली, पण तोंडाचं कुलूप काही उघडेना.

फोन

दुपारी अश्विनीचा फोन आला. अमोल चहाला गेला होता.

"आत्या, टीबीचं चाललंय म्हनं."

"व्हय."

"रिपोर्टात काही उगवलं न्हाई म्हनं."

मी वॉर्डाच्या दाराकडे बघितलं, अमोल अजून येत नव्हता.

"आत्या, मी बघितलंय तुमाला डबी धुताना. तुमी सांगता का मी मॅडमला फोन लावू?"

इतक्या हळू बोलत होती ती. लग्न होऊन दोन वर्षं झाली होती, मला उलटून एक शब्द बोललेली नव्हती. मला आधी राग आला. मग लक्षात आलं की ही पोर दीड दिवस हे पोटात घेऊन दहा गाईंच्या धारा काढतेय, माझी लाज राखायची की माझा जीव, ह्या विचारात.

"मी सांगते," म्हटलं.

"आत्ताच्या आत्ता सांगा."

फोन ठेवला आणि सिस्टरला म्हटलं, मॅडमना बोलवा. ती म्हणाली संध्याकाळच्या राउंडला येतील. म्हटलं, नाही, आत्ता. माझा आवाज ऐकून ती गेली.

शेख मॅडम आल्या. मी भिंतीकडे तोंड करून सगळं सांगितलं, तांबडं औषध, उपडी करून झटकणं, फडक्याने न पुसणं, सगळं. तो तरुण डॉक्टर मागे उभा होता. मी हसण्याची वाट बघत होते. कुणी हसलं नाही. मॅडम कॉटच्या कडेवर बसल्या. ह्या बाईंचा माझ्या एवढ्या जवळ बसायचा हा पहिलाच प्रसंग.

"कधी सांगणार होतात?" त्यांनी विचारलं.

"लाज वाटली."

"बरं. आता ऐका. जंतू आहेच. आणि आम्ही देतोय त्या इंजेक्शनला तो जुमानत नाही, म्हणजे तो जिवंत आहे. जिवंत आहे म्हणजे आता नमुना घेतला तर उगवेल. तुम्ही पूर्वी कोणत्या गोळ्या घेतल्या?"

मी पांढरी, पिवळी, कॅप्सूल असं सांगायला लागले. त्यांनी डोळे मिटून घेतले. अमोलने घरी फोन केला, अश्विनीने स्टीलच्या डब्यातली पाकिटं मांडून फोटो पाठवले. मॅडम एकेक फोटो मोठा करून बघत होत्या आणि त्यांचा चेहरा उतरत होता.

मोठं इंजेक्शन

त्याच दुपारी मला थंडी वाजली. थंडी म्हणजे साधी नाही. कॉट खडखड वाजायला लागली, दात वाजायला लागले, अमोलने अंगावर तीन चादरी टाकून वर स्वतःचे दोन्ही हात दाबून धरले. सिस्टरने बीपी घेतलं, परत घेतलं, आणि धावत गेली. मला आवाज लांबून आल्यासारखे ऐकू येत होते.

मॅडम म्हणत होत्या, जंतू रक्तात उतरायला लागलाय. अमोल म्हणत होता, "मॅडम, जे सगळ्यात भारी आसंल ते द्या. आधीच का न्हाई दिलं?"

"ते आम्ही राखून ठेवतो," मॅडमनी त्याला सांगितलं. "ऊठसूट वापरलं तर जंतू त्यालाही सरावेल, मग हातात काही राहणार नाही. आता द्यावंच लागेल, रिपोर्टची वाट बघायला वेळ नाही. पण आधी नमुना. पाच मिनिटं."

"पाच मिन्टं कशाला?"

"कारण एकदा चुकलंय. परत चुकून चालणार नाही."

सिस्टरने नळी घालून लघवी काढली, दंडातून रक्त घेतलं. डबी पाकिटातून माझ्यासमोर काढली. मी कुडकुडत होते तरी बघत होते. डबीच्या आत तिने कुठेही हात लावला नाही. मग शिरेत ते इंजेक्शन गेलं, मेरोपेनेम त्याचं नाव.

खरं सांगते, मरणाची भीती मला तेव्हा वाटली. त्याआधी मी बऱ्याचदा म्हटलं असेल, मेले तर सुटेन. त्या दुपारी मला अजिबात मरायचं नव्हतं. मला अश्विनीचं लेकरू बघायचं होतं. मला गोठ्यात जायचं होतं. देवाला मी काही नवस बोलले नाही, नुसतं म्हणत राहिले, हे लागू पडू दे.

दुसऱ्या दिवशी ताप होताच, पण बीपी धरून राहिलं. तिसऱ्या दिवशी सकाळी सिस्टरने काखेतला थर्मामीटर बघितला, झटकला, परत लावला. मग म्हणाली, "मावशी, उतरलाय." मालक खिडकीपाशी उभे होते. त्यांनी टोपी काढली, पुन्हा घातली आणि चहा आणायला गेले. दोन कप आणले. एक सिस्टरला दिला.

यादी

रिपोर्ट आला तो मॅडमनी मला हातात दिला. औषधांची लांब यादी आणि प्रत्येकापुढे इंग्रजी अक्षर. आर म्हणजे जंतू त्या औषधाला दाद देत नाही, एस म्हणजे देतो. मी बोट ठेवून खाली खाली जात होते. आर, आर, आर, आर. माझ्या पांढऱ्या गोळीपुढे आर, पिवळीपुढे आर, कॅप्सूलपुढे आर. पहिले काही दिवस शिरेतून दिलेलं इंजेक्शन, तेही आर. दहावी-बारावीच्या निकालात नापासाचे शिक्के बघावेत तसं ते दिसत होतं, आणि नापास जंतू नव्हता, औषधं होती.

"एस किती?" मी विचारलं.

"चार. त्यातली दोन फक्त मूत्राशयापुरती कामाची. जळजळच असेल तर चालतील. दुखणं किडनीत गेलं की ती तिथे पुरी पडत नाहीत. मग उरतात दोन. एक हे मेरोपेनेम आणि त्याचे भाऊबंद. दुसरं अमिकासिन."

"मग दोन तर हायेत."

"अमिकासिन किडनीला आणि कानाला त्रास देऊ शकतं. तुमची किडनी आत्ताच कण्हतेय. अगदी नाइलाज झाला तरच, आणि जपून."

मी हिशेब केला. मालक बाजूला उभे होते, त्यांनीही केला असावा. ह्या वेळी ते बाहेर गेले नव्हते.

"आन ह्याचीबी सवय झाली तर?" मी विचारलं.

मॅडमनी खोटा धीर दिला नाही, ह्याबद्दल मी त्यांची आजन्म ऋणी आहे. त्या म्हणाल्या, "म्हणून तर आता एकही गोळी कुणाला विचारल्याशिवाय घ्यायची नाही. पाणी प्यायचं, शुगर सांभाळायची, तुंबवून ठेवायचं नाही. आणि त्रास नसताना उगाच लघवी तपासत बसायचं नाही. त्रास नसेल आणि जंतू सापडला तरी त्याला औषध देत नाहीत."

"मंजी तो आत ऱ्हाईल?"

"राहू शकतो. तुम्ही बऱ्या असाल तर राहू द्या."

हे पचवायला मला सगळ्यात जड गेलं. माझ्या गोठ्यात मी असं कधी चालवून घेतलं नसतं.

घरी

आणखी थोडे दिवस इंजेक्शन घ्यायचं होतं, पण त्यासाठी दवाखान्यात पडून राहायची गरज नव्हती. त्याच कुळातलं, दिवसातून एकदा घ्यायचं इंजेक्शन काष्टीच्या दवाखान्यात लावून मिळालं. अमोल कामावर जाऊ लागल्यावर मालक मला मोटारसायकलवर घेऊन जायचे. रोज, न चुकता, त्याच वेळेला. शेवटच्या दिवसापर्यंत मी एकही चुकवलं नाही आणि त्यांनी चुकवू दिलं नाही.

घरी आल्यावर पहिल्यांदा गोठ्यात गेले. अश्विनीने गाई झकास ठेवल्या होत्या. मी तिला म्हटलं, तू फोन केला नसतास तर आज मी नसते. ती म्हणाली, "आत्या, मी लई भ्यालते. तुमी माझ्याशी परत बोलाल का न्हाई वाटत हुतं." मी तिला जवळ घेतलं. माझ्या स्वभावात ते नाही, तिलाही नवल वाटलं.

स्टीलच्या डब्यातल्या उरलेल्या गोळ्या मी काष्टीला मेडिकलवाल्याकडे नेऊन दिल्या आणि टाकून द्यायला सांगितल्या. जाऊबाईला सगळं सांगितलं तर ती म्हणाली, मला तर कधी काही झालं न्हाई. तिच्याशी वाद घालत बसले नाही. तिला रिपोर्ट दाखवला. आर आर आर बघून ती तो कागद उलटासुलटा करून बघत बसली.

अशक्तपणा गेला नव्हता. वाकलं की डोळ्यांपुढे अंधारी यायची. आणि भीती. लघवीला जाताना रोज भीती वाटायची, आज जळजळेल का. जळजळलं तर काय. कुणाशी बोलायचं हे? म्हणून मी म्हणते, बायांनो, हे बोलत जा.

ताप

चार महिने झाले होते, घरात नातू आला होता, आणि एक दिवस मला पुन्हा ताप आला. अंग कणकण करत होतं, घसा दुखत होता, पण माझ्या डोक्यात दुसरं काहीच येईना. अमोल कामावर, नगर लांब. मालक म्हणाले, आधी काष्टीला दाखवू.

दवाखान्यात नेहमीचे डॉक्टर नव्हते, त्यांच्या जागी एक नवीन पोरगेला डॉक्टर बसलेला. बाकावर सात-आठ माणसं, त्यातली दोन आमच्याच गावची. त्याने ताप बघितला, घसा बघितला आणि सवयीने म्हणाला, एक इंजेक्शन देतो, आज रात्रीत उतरेल. सिरिंज काढली.

मालक उठले. माझ्याआधी.

"थांबा डॉक्टर. काय देताय ते आधी नाव सांगा."

डॉक्टरने वर बघितलं. मालकांनी खिशातून मळकी वही काढली, औषधांची नावं त्यात उतरवलेली असावीत, पण उघडली नाही.

"हिला लघवीच्या दुखन्यात रक्तात इन्फेक्शन गेल्तं," ते मोठ्याने म्हणाले, बाकावरच्या सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने. "लई औषदं हिला लागू पडत न्हाईत. किडनीला दोनच ऱ्हायल्यात. मेरोपेनेम, त्याचे भाऊबंद, आन अमिकासिन. अमिकासिन जपून, किडनी नाजूक हाय. ती आमाला राखून ठेवायच्यात. आधी तपासा, मग द्या."

गावचे दोघं खाली बघायला लागले. डॉक्टरने सिरिंज ट्रेमध्ये ठेवली, नीट बसला आणि पहिल्यापासून विचारायला लागला. कधीपासून, कुठे दुखतं, जळजळ आहे का. जळजळ नव्हती. पाठ दुखत नव्हती. साधा सर्दी-तापाचा विषाणू निघाला, चार दिवसांत आपोआप गेला, औषधाशिवाय.

घरी येताना मोटारसायकलवर मी मागे बसले होते. मेरोपेनेम हा शब्द मला स्वतःला अजून नीट म्हणता येत नाही. ह्या माणसाने तो कधी पाठ केला, शेतात की गोठ्यात, मी एकदाही ऐकलं नव्हतं. मी त्यांच्या पाठीला कपाळ टेकलं आणि घर येईपर्यंत रडत होते. ते गाडी हळू चालवत होते.